झेलणारी

चिंगी पडली तेव्हा ताईचे हात पसरलेलेच होते, आणि रिकामे.

शाळेच्या चीअरलीडिंगच्या संघात ताई खाली उभी राहून उचलणारी, तर तिची धाकटी बहीण चिंगी तिच्या तळहातांवरून हवेत झेपावणारी. सराव चालायचा जेवणाच्या हॉलमध्ये, टेबलं भिंतीला सरकवून, उघड्या फरशीवर. व्यायामशाळेतल्या जाड गाद्या मागितल्या की क्रीडाशिक्षक म्हणायचे, "गाद्या खेळासाठी आहेत. नाचाला कशाला हव्यात?"

चिंगीचं मनगट मोडलं. प्लास्टर घालताना डॉक्टरांनी विचारलं, "कुठला खेळ खेळत होतीस?"

"खेळ कसला, डॉक्टर!" बाबाच मध्ये म्हणाले. "दुसऱ्यांच्या सामन्यात टाळ्या पिटायच्या, झालं." बाबा एके काळी शर्यतीत धावायचे. ज्याला घड्याळ लावता येत नाही तो त्यांच्या लेखी खेळच नव्हता. चिंगी खुदकन हसली. ताईच्या मात्र तळपायाची आग मस्तकात गेली.

त्यानंतर तिला चैन पडेना. अभ्यासाला बसली की उठायची, पाणी प्यायची, परत बसायची. भांडी घासताना आईच्या हातातून ताट निसटलं, तर ही साबणाच्या हातांनी त्याच्यावर झेपावली.

"अगं, स्टीलचं आहे, फुटायचं नाही," आई म्हणाली. "जीव थाऱ्यावर ठेव जरा."

दुसऱ्या दिवशी ती थेट क्रीडाशिक्षकांच्या खोलीत गेली. ते चेंडूत हवा भरत होते.

"सर, गाद्या असत्या तर तिचा हात मोडला नसता."

"तू झेललं असतंस तरी मोडला नसता," सर बोलून गेले आणि पंप खाली ठेवून म्हणाले, "तसं नव्हतं म्हणायचं मला."

"खरंच आहे ते. माझं चुकलं. पण गोलकीपरचंही चुकतं, सर. म्हणून फुटबॉलला कुणी नाच म्हणत नाही."

"मध्यंतरात झेंडे नाचवता, तो खेळ?"

"तो नाही, मान्य. पण आम्ही स्पर्धेत उतरतो. तिथे परीक्षक गुण देतात, जिम्नॅस्टिक्सला देतात तसेच. पडलो की गुण कापतात, आणि हाडंही मोडतात."

सरांनी चेंडू दाबून पाहिला. "शनिवारी दुपारी व्यायामशाळा रिकामी असते. गाद्या वापरा, जागच्या जागी ठेवा. आणि मला पटलं असा याचा अर्थ लावू नकोस."

आता तरी बरं वाटेल असं ताईला वाटलं होतं. वाटलं नाही. हात बरा झाल्यावर चिंगी गाद्यांवर सगळ्यांच्या आधी धावली. तिने ताईच्या तळहातांवर पाय ठेवला मात्र, ताईने हात मागे घेतले.

"उचल ना, ताई."

"थांब."

पुन्हा पाय, पुन्हा "थांब." शेवटी चिंगी वैतागली. "उचलणार नसशील तर सरक. दुसरी कुणी उभी राहील."

घरी निघून जावं असं ताईला फार वाटलं. पण ती शिकवणाऱ्या मॅडमकडे वळली. "मला मागची जागा द्या. मी उचलणार नाही, फक्त झेलेन."

मागची मुलगी उचलत नाही. ती वरच्या मुलीवरची नजर काढत नाही, आणि तोल गेला की पहिली तीच पुढे होते. उचलायला दुसरी मुलगी उभी राहिली. चिंगी वर गेली, डगमगली आणि तिरकी खाली आली. ताईने तिला काखेखाली हात घालून धरलं. चिंगीचं कोपर ताईच्या नाकावर आदळलं आणि दोघी गादीवर कोसळल्या. चिंगीला खरचटलंही नव्हतं. ताईच्या नाकातून भळाभळा रक्त वाहत होतं.

त्यांना न्यायला आलेले बाबा दारातून धावत आले. "मान वर करू नकोस, पुढे वाक," म्हणत त्यांनी तिचं नाक रुमालात दाबून धरलं. रक्त थांबल्यावर म्हणाले, "चला घरी."

"एवढ्यात नाही, बाबा. नीट उतरणं जमलेलं नाही अजून."

बाबांनी दोघींकडे पाहिलं. मग ते भिंतीकडच्या बाकावर जाऊन बसले. ताई पुन्हा चिंगीच्या मागे उभी राहिली. तळहात घामाने ओले झाले होते. ते ती पँटला पुसत राहिली, पण नजर वरच होती.