फरशीवरची जागा

नम्रताने लिंक चिकटवली आणि जाहिरातींच्या खोट्या हिरव्या बटणांना चुकवत खालच्या बारीकशा ‘डाउनलोड’वर बोट ठेवलं. नववा व्हिडिओ उतरला. तिच्या लेकीच्या, संस्कृतीच्या, नर्सरीच्या पेजवर दर आठवड्याला मुलांच्या गाण्यांचे व्हिडिओ यायचे. यवतमाळकडे, आईच्या गावात रेंज नव्हती. म्हणून भाऊ योगेश जाताना ते मेमरी कार्डात भरून न्यायचा.

चार दिवसांनी आईने, मालनबाईंनी, रेंजसाठी टेकाडावर जाऊन फोन लावला.

“सारे लेकरं सतरंजीवर, अन् आपलीच पोरगी फरशीवर काऊन बसते वं?”

“बसली असेल गं एखाद्या वेळी.”

“नऊही वेळा? मी रोज पाहून राह्यली.”

नम्रताने सगळे व्हिडिओ पुन्हा लावले. आजवर ती लेकीचा चेहराच बघत आली होती. चपलांच्या मांडणीजवळ, उघड्या फरशीवर बसून संस्कृती टाळ्या वाजवत होती. नऊही वेळा. जूनमध्ये एकदा तिच्याकडून सतरंजी ओली झाली होती. तेव्हा नम्रताने दोनदा माफी मागितली होती.

दुसऱ्या दिवशी वारज्याच्या त्या नर्सरीत जाऊन तिने याबद्दल विचारलं, तेव्हा मॅडम हसल्या.

“मुलं कुठेही बसतात हो. जागा पालकांनीच ठरवायच्या, तर उद्यापासून शिकवायलाही या.”

संध्याकाळपर्यंत सगळे व्हिडिओ काढून पेज कोरं झालं होतं.

सकाळी नम्रता पुन्हा हजर. तिने व्हिडिओंचा विषय काढला.

“कुठले व्हिडिओ?” मॅडमनी विचारलं. “पेजवर तर काहीच नाही.”

“पेजवर नाहीत. माझ्याकडे आहेत. गावाला माझ्या आईकडेही आहेत.”

मॅडमनी दाराकडे पाहिलं. तिथे मुलांना सोडायला आलेले पालक थांबले होते. नम्रताने चपला काढल्या आणि ती मांडणीजवळच्या फरशीवर मांडी घालून बसली. फरशी चांगलीच गार होती.

“अहो, खुर्ची घ्या ना!”

“नको. इथून कसं दिसतं ते बघते.”

संस्कृती धावत आली.

“आई, ही माझी जागा आहे!”

तिने लेकीला मांडीवर ओढलं.

“मॅडम, या आठवड्याचा व्हिडिओ राहिलाय ना? काढा. आम्ही दोघी बसलोय.”

मुलांना सांभाळणाऱ्या ताईंनी खाली वाकून सतरंजीची कड धरली आणि ती मायलेकींकडे ओढायला लागल्या.

“थांबा ताई,” नम्रता म्हणाली. “आधी व्हिडिओ.”