पावतीवर रेघ

“हाताकडे बघू नका, डोळ्यांकडे बघा,” योलांडा म्हणाली. “मुरलेला क्वार्टरबॅक बघतो डावीकडे आणि बॉल फेकतो उजवीकडे. समोरचे सगळे फसतात.”

अनिलरावांनी मान डोलावली. त्यांच्या हातात पिवळा मार्कर होता. ह्यूस्टनजवळच्या शुगर लँडमधल्या त्या भल्यामोठ्या दुकानातून बाहेर पडणाऱ्या प्रत्येकाची पावती मागायची, कार्टमधल्या सामानावर नजर फिरवायची, पावतीवर पिवळी रेघ ओढायची आणि “हॅव अ गुड वन” म्हणायचं, एवढंच त्यांचं काम. योलांडा बेकरी सेक्शनला होती. काळी, धिप्पाड, पन्नाशी उलटलेली बाई. शिफ्ट संपली की कमरेचा एप्रन सोडत ती दारापाशी थांबायची आणि त्यांना अमेरिकन फुटबॉल शिकवायची. त्यात बॉल फेकणारा मुख्य खेळाडू म्हणजे क्वार्टरबॅक.

ती शिकवणी तिनेच सुरू केली होती. अनिलराव दारावर नवे होते, तेव्हा गिऱ्हाइकं त्यांच्यावर डाफरायची. “आम्ही काय चोर आहोत का?” म्हणून पावती अंगावर फेकायची. योलांडानं ते दोनचारदा पाहिलं आणि एक दिवस जवळ येऊन म्हणाली, “मिस्टर अनिल, आधी मॅचचं विचारा. पावती मग मागा.” तेव्हापासून अनिलराव विचारायला लागले, “काय म्हणतो आपला क्वार्टरबॅक?” आणि माणसं तावातावानं बोलता बोलता आपणहून पावती पुढे करायची. म्हणायची, हल्लीचे पोरगे स्वतःच बॉल घेऊन पळतात, पूर्वीसारखं उभं राहून फेकत नाहीत. टीमच्या मालकांना दम नाही, दोन सीझनमध्ये पोरगं चमकलं नाही की बसवलं बाकावर, आणि मग घरी बसलेल्या चाळिशीच्या गड्याला फोन! हे शेवटचं अनिलरावांना फार आवडायचं. ते स्वतः अडुसष्ट वर्षांचे होते.

इचलकरंजीच्या एका सूतगिरणीत त्यांनी उभा जन्म गेटवर काढला होता. जेवणाच्या डब्यात, सायकलच्या सीटखाली, कुठेही दडवलेलं सूत त्यांना सापडायचं. निवृत्तीनंतर मुलानं, अंकुरनं, त्यांना आणि त्यांच्या बायकोला, सुमित्राबाईंना, इकडे आणलं. पुढे अंकुरला लांब उत्तरेकडे रेडमंडला नोकरी लागली. तिथली पावसाळी थंडी सुमित्राबाईंच्या सांध्यांना सोसेना, म्हणून नवराबायको एका खोलीच्या अपार्टमेंटमध्ये इथेच राहिले. अंकुर पैसे पाठवायचा. गेल्या वसंतात त्याची नोकरी गेली आणि पाठवणं थांबलं. फोनवर तो म्हणायचा, “बाबा, इंटरव्ह्यू चालू आहेत, टेन्शन घेऊ नका.” अनिलरावांनी टेन्शन न घेता दुकानात अर्ज केला.

नोव्हेंबर लागला. वॉशिंग्टनमध्ये राजकारण्यांचं भांडण होऊन सरकारचं कामकाज बंद पडलं होतं, आणि ज्यांचं घर फूड स्टॅम्पवर, म्हणजे धान्यासाठीच्या सरकारी मदतीवर, चालायचं त्यांच्या कार्डावर त्या महिन्याचे पैसे पडलेच नव्हते. कॅश काउंटरवर माणसं कार्ड घासायची, पुन्हा घासायची आणि एकेक वस्तू बाजूला काढून ठेवायची. आधी मांस जायचं, मग अंडी.

सकाळच्या मीटिंगमध्ये मॅनेजर क्रेग म्हणाला, “लोक बेजार झालेत. मालाला पाय फुटणार. आणि फक्त बाहेरच्यांवर लक्ष ठेवू नका. बेकरी आणि तयार खाण्याच्या काउंटरचा हिशेब लागत नाहीये. कुणीतरी आतलं आहे.” मग सगळ्यांसमोर त्यानं अनिलरावांच्या खांद्यावर हात ठेवला. “अनिल, तुझी नजर चांगली आहे.”

कितीतरी वर्षांनी कुणी त्यांच्या नजरेचं नाव काढलं होतं. त्या दिवशी ते दारावर जरा ताठ उभे राहिले.

बेकरी म्हटल्यावर योलांडाचं नाव मनात येणारच. अनिलरावांनी ते झटकलं. पण त्याच आठवड्यात काचेच्या दारातून त्यांना ती दिसली. पार्किंगच्या पार टोकाला, टायरच्या दुकानाशेजारी, ती एका जुन्या व्हॅनमध्ये पिशव्या ठेवत होती. व्हॅन तिची नव्हती. दुसऱ्या दिवशी तीच जागा, वेगळी गाडी. पिशव्या ठेवण्याआधी तिनं मान वळवून दोन्हीकडे बघितलं.

त्यातच एकदा शिफ्ट संपल्यावर तिनं त्यांना विचारलं, “मिस्टर अनिल, घरी सगळं ठीक ना? फ्रिज भरलेला आहे ना?”

अनिलराव सावध झाले. हिला माझ्या फ्रिजशी काय करायचंय? आपल्याला यात ओढते की काय?

“माझा मुलगा मोठ्या कंपनीत आहे,” ते म्हणाले.

“छान,” योलांडा म्हणाली आणि क्षणभर त्यांच्याकडे बघत राहिली. त्या बघण्याचाही त्यांनी अर्थ लावला.

रात्री जेवताना त्यांनी सुमित्राबाईंना सगळं सांगितलं. ताटातलं वरण अलीकडे पातळ झालं होतं. त्याबद्दल दोघंही बोलत नसत.

“अहो, बाई कुणाला मदत करत असेल,” सुमित्राबाई म्हणाल्या.

“मदत करणारा माणूस इकडेतिकडे बघून करत नाही.”

“तुमच्या डोक्यातली गिरणी अजून बंद झालेली नाही.”

“तीच म्हणाली होती मला. डावीकडे बघायचं आणि उजवीकडे फेकायचं. अगं, स्वतःचीच गोष्ट सांगत होती ती!”

सुमित्राबाईंनी भांडी उचलली.

रविवारी मॅच दुपारची होती. सकाळपासून चिकन विंग्ज, चिप्स आणि बिअर घेणाऱ्यांची झुंबड उडाली. टीमचे टीशर्ट घातलेली माणसं दारावर रांगेत उभी होती आणि त्या रांगेत योलांडा आली. कार्ट काठोकाठ भरलेली. तिनं लांबलचक पावती पुढे केली. एरवी तिच्या पावतीवर अनिलराव न बघताच रेघ ओढायचे.

“पिशव्या उघड,” ते म्हणाले.

योलांडा हसली. “आज ओळख विसरलात?”

“नियम सगळ्यांना सारखा.”

तिचं हसू विझलं. तिनं हात कार्टवरून काढून घेतले आणि ती बाजूला उभी राहिली. अनिलरावांनी एकेक वस्तू बाहेर काढली. ब्रेडच्या लाद्या, पीनट बटर, अंड्यांचे ट्रे, कोंबडी, बाळाच्या दुधाचे डबे. प्रत्येक वस्तू त्यांनी पावतीवर शोधली. मागे रांग खोळंबली. कुणी म्हणालं, “किकऑफ चुकतोय आमचा!” एका मुलीनं फोन वर धरून शूटिंग सुरू केलं. योलांडा समोरच्या भिंतीकडे बघत होती.

सगळं पावतीवर होतं. एकही वस्तू जास्तीची नव्हती.

तिथे थांबायला हवं होतं. पण इतक्या लोकांसमोर आपण खोटे ठरलो, हे अनिलरावांना पचेना. त्यांनी वॉकीटॉकीवर क्रेगला बोलावलं.

“एकट्या बाईला एवढं सामान कशाला?” क्रेग आल्यावर ते म्हणाले. “ही रोज मागे टायरच्या दुकानापाशी वेगवेगळ्या गाड्यांमध्ये पिशव्या ठेवते. मी बघितलंय.”

क्रेगनं योलांडाकडे पाहिलं. ती शांतपणे बोलली. “काउंटरवरच्या रोझाचं कार्ड रिकामं आहे. रात्री फरशी पुसणाऱ्या दोघींचं रिकामं आहे. स्टॉकरूममधल्या तीनजणांचं. हे तुझ्याच दुकानात काम करतात, क्रेग, आणि फूड स्टॅम्पवर जगतात. ज्यांना जमतं ते आम्ही वर्गणी काढतो, मी सामान घेते. सगळ्यांसमोर हातात पिशवी घ्यायला माणसाला लाज वाटते, म्हणून मागे देते.”

क्रेग मानेवर हात फिरवत म्हणाला, “माझा नाइलाज आहे. दुकानाच्या आवारात वाटप करायला परवानगी नाही. उद्या कुणाला त्यातलं खाऊन काही झालं तर कंपनीवर येईल. आजपासून बंद. आणि योलांडा, तुला मला वॉर्निंग द्यावी लागेल.”

तो आत गेला. योलांडानं सामान पुन्हा पिशव्यांत भरलं. अनिलरावांनी अंड्यांचा ट्रे उचलून द्यायला हात पुढे केला, तेव्हा तिनं तो त्यांच्या हातून हळूच काढून घेतला.

“तुमचं नाव निघालं होतं,” ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. “रोझा म्हणाली होती, मिस्टर अनिल डब्यात रोज नुसता भात आणतात, त्यांनाही पिशवी देऊ. मीच नको म्हणाले. म्हटलं, तो दारावरचा माणूस आहे, साहेबाला सांगेल. मग गेला आठवडाभर मला झोप नव्हती. वाटायचं, मी उगाच एका चांगल्या माणसावर संशय घेतेय.”

तिनं पावती पुढे धरली. रेघ ओढायची राहिली होती. अनिलरावांनी ती ओढली, पण ती वाकडी गेली.

त्यानंतर योलांडा दारापाशी थांबेनाशी झाली. नुसती पाण्याची बाटली घेतली तरी पावती हातभर पुढे धरून यायची आणि रेघ ओढून होईपर्यंत उभी राहायची. अनिलरावांनी तिची माफी मागितली. ती “ठीक आहे” म्हणाली. रोझा आणि स्टॉकरूममधले लोकही तसेच वागायला लागले. ते ब्रेकरूममध्ये शिरले की चाललेलं बोलणं थांबायचं. एकदा रोझा कोपऱ्यात बसून फुकटच्या केचपच्या पुड्या खाऱ्या बिस्किटांवर पिळून खाताना त्यांना दिसली. तिनं त्यांच्याकडे पाठ फिरवली.

क्रेगनं मीटिंगमध्ये त्यांना ‘ईगल आय’ असं लिहिलेला बिल्ला दिला. टाळ्या एकट्या क्रेगनंच वाजवल्या. बेकरीच्या हिशेबाचा घोळ कॉम्प्युटरमधला निघाला होता, हे तो जाता जाता सांगून गेला.

“माफी मागितलीत, मग काय म्हणाली?” सुमित्राबाईंनी विचारलं.

“ठीक आहे म्हणाली.”

“ठीक आहे म्हणजे ठीक नाही.”

दुसऱ्या दिवशी पहाटे उठून सुमित्राबाईंनी घरातलं सगळ्यात मोठं पातेलं काढलं. होते नव्हते ते तांदूळ, मुगाची डाळ, मटार घालून खिचडी केली. तिखट बेतानं घातलं. तूप मात्र बरणी खरवडून घातलं. “तिथे टेबलावर ठेवा,” त्या म्हणाल्या. “कुणाला घ्या म्हणू नका. नुसतं ठेवा.”

अनिलरावांनी पातेलं ब्रेकरूमच्या टेबलावर ठेवलं, शेजारी कागदी वाडगे आणि चमचे. दुपारी डोकावले, झाकण तसंच होतं. संध्याकाळी एका कामगारानं बिचकत विचारलं, “क्रेगनं सांगितलं का हे ठेवायला? कोण कोण खातं ते बघायला?”

“नाही नाही,” अनिलराव म्हणाले. “बायकोनं केलीय.”

तो मान हलवून निघून गेला. शिफ्ट संपल्यावर त्यांनी ते जड पातेलं उचलून तसंच घरी नेलं. दोघांनी ती खिचडी दोन दिवस पुरवून खाल्ली.

त्या आठवड्यात अनिलराव क्रेगकडे गेले आणि त्यांनी दारावरचं काम नको म्हणून सांगितलं.

“मग काय करणार?”

“बाहेर कार्ट गोळा करीन.”

“ते पोरांचं काम आहे. उन्हात, तुझ्या वयाला? अरे, माझ्याकडे तुझ्याइतकी चांगली नजर दुसऱ्या कुणाचीच नाही.”

“म्हणूनच,” अनिलराव म्हणाले. क्रेगला ते कळलं नाही, पण त्यानं नारिंगी जाकीट काढून दिलं.

काम जिवावरचं होतं. नोव्हेंबर असूनही ह्यूस्टनकडची ती दमट, चिकट हवा. लोक कार्ट वाटेल तिथे सोडून जायचे. त्या शोधून आणायच्या, एकीत एक घुसवून लांब माळ करायची आणि सगळं वजन गुडघ्यांवर घेत चढावरून दारापर्यंत ढकलायची. रात्री सुमित्राबाई त्यांच्या गुडघ्यांना तेल चोळायच्या. “तुम्ही दारावरच बरे होतात,” असं त्या एकदाही म्हणाल्या नाहीत.

सरकारचं भांडण मिटलं, कार्डांवर पैसे पडले. वर्गणीचं मात्र पुन्हा कुणी नाव काढलं नाही.

नोव्हेंबरअखेरच्या थँक्सगिव्हिंगच्या सणाआधीच्या रविवारी पार्किंग गच्च भरलं होतं. अनिलराव कार्टची माळ घेऊन चढ चढत होते, आणि माळ सारखी डावीकडे ओढ घेत होती. मध्येच थांबून ते धापा टाकू लागले. योलांडा तिच्या गाडीत सामान ठेवत होती. तिची कार्ट रिकामी झाली. तिथेच सोडून गेली असती तरी चाललं असतं. पण ती दोन ओळी ओलांडून कार्ट ढकलत त्यांच्यापर्यंत आली आणि तिनं ती माळेच्या शेवटी अडकवली.

तिनं माळेकडे निरखून पाहिलं.

“ती पुढून तिसरी आहे ना, तिचं चाक अडकतंय,” ती म्हणाली. “तिला काढून सगळ्यात मागे घ्या. मग एवढा जोर लागणार नाही.”

आणि ती वळून गाडीकडे निघून गेली. अनिलरावांनी पुढे जाऊन तिसरी कार्ट सोडवली, मागे आणून लावली आणि पुन्हा ढकलायला सुरुवात केली.