ठरवून राहिलो

माझ्या अंगावर फिकट रेघा आहेत. नीट पाहिले तरच त्या दिसतात. चामडे पाण्यात भिजते, मग कडक उन्हात वाळते, आणि पाणी जिथपर्यंत मुरलेले असते तिथे क्षारांची एक बारीक, वाकडी कड मागे राहते. उन्हाळ्यात आमची बोडी, म्हणजे गावाजवळचे लहान तळे, आटू लागली की तिच्या काठावर एकाखाली एक अशाच कडा उमटतात. माझ्या अंगावर त्या एकमेकींवर इतक्या चढल्या आहेत की माझा मूळचा तांबूस रंग आता फक्त शिवणींच्या खाचांत उरला आहे.

मित्रांनो, या रेघा वयाच्या नाहीत. मी मोरगाव-अर्जुनीच्या क्लबचा चामडी फुटबॉल आहे, आणि या रेघा मला शुद्ध करण्यासाठी घातलेल्या आंघोळींच्या आहेत. हसू येत असेल तर हसा. पहिल्या आंघोळीला मलाही आले होते.

माझा जन्म स्यालकोटचा. तिथल्या कारागिरांनी कमावलेल्या कातड्याच्या पट्ट्या कापल्या, त्या उलट्या बाजूने शिवल्या आणि पिशवी सुलटी करावी तसे मला तोंडातून बाहेर काढले. आत रबराचा फुगा, तोंडावर चामड्याची वादी. एकोणीसशे छत्तीसचा पावसाळा सरता सरता मी रेल्वेच्या पार्सलातून अर्जुनीच्या स्टेशनावर उतरलो. मला मागवले होते तिकीटबाबू ईश्वरदास यांनी. ते गोंदियाचे. तिथे रेल्वेची माणसे फुटबॉल खेळत, ते पाहून त्यांना या खेळाचे वेड लागले होते. गावातली तरणी मुले जमवून त्यांनी मला मधे ठेवले आणि म्हणाले, “हवा मैंने भर दी, भैया। जान तुम लोग डालो।”

जान घालायला जागा हवी होती. आमच्याकडे धान उभे असतानाच त्यात लाखोरीचे कडधान्य पेरतात. धान कापले की खाली लाखोरी हिरवीगार उभी. म्हणजे हिवाळ्यातही जमीन रिकामी नाही. तेव्हा मोरगावचे मालगुजार केशोराव पुढे आले. स्टेशनाजवळच्या आपल्या काही बांध्यांत, धानाच्या त्या लहान लहान तुकड्यांत, त्यांनी त्या वर्षी लाखोरी पेरलीच नाही. मुलांनी धान कापल्यावर मधले धुरे, म्हणजे मातीचे बांध, फोडून त्या तुकड्यांचे एक मैदान केले, आणि पावसाआधी धुरे पुन्हा बांधून द्यायचे कबूल केले. दरवर्षी ते बांधूनही देत. केशोराव क्लबचे अध्यक्ष झाले. चैतराम नावाचा धिप्पाड शेतकरी कप्तान झाला. रविवारी मोरगाव आणि अर्जुनी, दोन्ही गावे मैदानाकडे लोटत. गवताचे भारे डोक्यावरून उतरवून बायकाही पाहत उभ्या राहत. एरवी ही दोन गावे एकमेकांची खोडी काढल्याशिवाय राहत नसत; मैदानावर मात्र ती एकाच बाजूने ओरडत.

इथपर्यंत सगळे छान होते. आता त्रास ऐका.

पायाने मला कोणीही मारी. त्याने काही बिघडत नव्हते, कारण चामड्याच्या वहाणा पायात सगळेच घालतात. पण हाताने उचलायचे म्हटले की जो तो मागे सरे. मेलेल्या जनावराचे कातडे; हाताला विटाळ! चैतराम मला वादीला दोन बोटांत धरून नेई, मेलेला उंदीर टाकायला न्यावा तसा. डोक्याने मारायची वेळ आली तर आधी डोक्याला दुपट्टा गुंडाळी. तेवढ्यात मी तिथून निघून गेलेलो असे.

आणि मित्रांनो, हीच माणसे शनिवारी भजनाला बसत आणि तळहात लाल होईपर्यंत मृदंगावर थापा मारत. मृदंगाचे तोंड कशाचे असते? क्लबच्या खोलीत मृदंग आणि मी शेजारच्या खुंट्यांवर टांगलेले असू. त्याला कधी कोणी बोडीत बुडवल्याचे मी पाहिले नाही.

गोंदियाच्या रेल्वे संघाशी पहिला सामना झाला तेव्हा गोलात चैतराम स्वतः उभा राहिला. मी उजवीकडून आलो, त्याने पाय उचलला. मी डावीकडून आलो, त्याने पाय उचलला. मी दोन्ही वेळा आत गेलो.

“अरे, हाथ से पकड़ो!” ईश्वरदास कळवळून ओरडले. “गोलवाले को हाथ लगाने की छूट है!”

“तुमची सूट आहे बाबूजी,” चैतराम म्हणाला, “आमच्या घरची नाही ना!”

गोलामागच्या धुऱ्यावर बकाराम बसला होता. तो चामड्याचे काम करी. माझी शिवण उसवली तर टाका घालायला त्याला बोलावून ठेवले होते. रेल्वेच्या एका गड्याचा फटका गोलावरून थेट त्याच्या अंगावर गेला. तो जागचा उठला नाही. त्याने दोन्ही हात पुढे केले आणि मला छातीशी धरले. जन्मल्यापासून मला कोणी असे धरले नव्हते.

“इसको खड़ा करो!” ईश्वरदास म्हणाले.

सगळे केशोरावांकडे पाहू लागले. केशोरावांनी आभाळाकडे पाहिले. मग म्हणाले, “आजच्यापुरता राहू द्या.”

त्यानंतर त्या दिवशी एकही गोल झाला नाही. पुढच्या रविवारी बकाराम आला, तोही आजच्यापुरताच. त्यापुढच्या हिवाळ्यातही तो आजच्यापुरता होता.

माझ्या आंघोळी तेव्हापासून वाढल्या. सामना संपला की चैतराम मला बोडीत ढकली, काठीने दाबून बुडवी आणि छपराच्या कवेलूंवर भर उन्हात वाळत टाकी. आता विचार करा. पाणी प्यायलेले चामडे उन्हात आकसते. आकसले की टाक्यांवर ताण येतो आणि ते तुटतात. टाके तुटले की मला बकारामकडे नेत. बकाराम शिवून देई. बकारामचा हात लागला म्हणून मला पुन्हा बुडवत. बुडवले म्हणून टाके पुन्हा तुटत. या वर्तुळाला कुठे फटच नव्हती. आणि सगळे मिळून म्हणत, “चेंडू लय नाजूक आहे बावा.” मी नाजूक!

बकारामची बायको धुरपता एकदा बोडीवर कपडे धूत होती. तिने हा सोहळा पाहिला.

“काऊन रे चैतराम, पाय शेणानं भरून राहिले, ते तसेच ठेवतेस अन् चेंडू धुतेस?”

“तू नोको बोलू. तुया नवऱ्यानंच त हात लावला त्याले.”

“मंग त्या हातानं जे गोल वाचले, तेही बुडवून टाक ना बोडीत!”

 चैतरामने मला आणखी थोडा वेळ दाबून धरले, एवढेच.

एका पावसाळ्यात मात्र वेगळे घडले. रात्रंदिवस पाऊस लागला आणि गावच्या मोठ्या तलावाची पाळ फुटू लागली. खाली सगळ्यांचे धान होते. क्लबची मुले धावली. मातीने भरलेली पोती हातोहात पुढे गेली. चैतरामच्या हातून बकारामच्या हाती, बकारामच्या हातून केशोरावांच्या हाती. पाळ वाचली, धान वाचले. पोत्यांना कोणी आंघोळ घातली नाही. हे मी खोलीत टांगल्या टांगल्या ऐकले, कारण पुढे कित्येक दिवस दुसरा विषयच नव्हता.

धान घरात आल्यावर केशोरावांनी क्लबला जेवण दिले. पंगत सतरंज्यांवर बसली. बकारामचे पान गोठ्याजवळ, वेगळे मांडले होते. तो पानाजवळ थोडा वेळ उभा राहिला. मग केशोरावांसमोर आला.

“मालक, मी क्लबात आहो का नाही?”

“ठरवून राहिलो, बकाराम,” केशोराव म्हणाले.

बकाराम न जेवता गेला.

आमच्या बोलीत ‘राहणे’ हे फार सोयीचे क्रियापद आहे. ‘जाऊन राहिलो’ म्हणजे जात आहे, आणि ‘ठरवून राहिलो’ म्हणजे ठरवत आहे. पण जाणारा निदान कुठेतरी पोचतो. केशोराव वर्षानुवर्षे ठरवून राहिले. बैठकीत विषय निघाला की ठरवून राहिले. ईश्वरदासांची गोंदियाला बदली झाली, त्यांनी निरोप घेताना विचारले, तेव्हाही ठरवून राहिले. लढाई सुरू झाली आणि संपली. केशोराव आपले राहिलेलेच.

ते वाईट नव्हते. आपली जमीन रिकामी ठेवणाऱ्या माणसाला वाईट कसे म्हणू? पण त्यांच्या सोयऱ्यांनी बजावले होते, “बकारामला सतरंजीवर बसवाल तर तुमच्या पोरीच्या लग्नात आम्ही जेवणार नाही.” केशोराव त्या न झालेल्या लग्नाला भीत होते. आणि इकडे जिवंत माणूस दर सामन्यात गोल राखून पुन्हा धुऱ्यावर जाऊन बसत होता.

लढाईमुळे नवा चेंडू मिळत नव्हता, म्हणून मीच खेळत राहिलो. माझ्या फुग्याला सायकलच्या ट्यूबसारखी ठिगळे लागली. यंदा, सत्तेचाळीसच्या हिवाळ्यात, बकाराम मला शिवून परत द्यायला आला तेव्हा त्याने सरळ सांगितले, “मालक, औंदा मी गोलात येत नाही. आजच्यापुरता आता संपला.”

“अरे, ठरवून राहिलो ना...”

“ठरवा जी. मी धुऱ्यावर बसून आहो.”

मित्रांनो, पुढचे सांगण्याआधी एक विनंती करतो. चामड्याची वस्तू भिजली तर कोरड्या फडक्याने पुसा, सावलीत वाळवा, थोडे तेल चोळा. ती तुमच्याहून जास्त टिकेल. आणि ज्याच्या हातांवर तुमचा खेळ उभा आहे, त्याला ताटकळत ठेवू नका. ताटकळण्यानेही टाके तुटतात. ते बाहेरून दिसत नाहीत, एवढाच फरक.

महाशिवरात्रीला आमच्या जवळच्या प्रतापगडच्या जत्रेत सामना होता. डोंगराच्या पायथ्याशी बैलगाड्यांची रांग लागली होती. महादेवाला जाणारे आणि दर्ग्याला जाणारे, सगळेच वाटेत मैदानाच्या चुन्याच्या रेघेशी थांबले. पुढच्या रांगेत केशोरावांचे सोयरे बसले होते. रेघेबाहेर मोहाच्या झाडाखाली बकाराम बसला होता. गोल रिकामा होता. त्यात उभे राहायला कोणीच तयार नव्हते.

पंच म्हणून गोंदियाहून ईश्वरदास आले होते. मागच्या वर्षी कुणीतरी भाड्याचे खेळाडू आणले होते आणि त्यावरून मारामारी झाली होती. म्हणून यंदा नियम होता की प्रत्येक अध्यक्षाने सगळ्यांसमोर आपल्या खेळाडूंची नावे पुकारायची.

“बोलिए, मालगुजार साहब,” ईश्वरदास म्हणाले. “एक-एक नाम, ज़ोर से। जो क्लब का नहीं, वो खेलेगा नहीं।”

केशोरावांनी चैतरामपासून सुरुवात केली. दहा नावे झाली. मग ते थांबले.

“ग्यारहवाँ?”

केशोरावांनी सोयऱ्यांकडे पाहिले. मग ओठ उघडले. मला कळले, आता तेच येणार. आलेच.

“ते आम्ही ठरवून रा...”

“राहा मालक, राहा!” बायकांच्या घोळक्यातून धुरपताचा आवाज आला. “तुमी ठरवून राहा, आमी घरी जाऊन राहिलो!”

सगळी जत्रा हसली. सोयरेसुद्धा हसले. चैतराम तेवढा हसला नाही. तो रिकाम्या गोलाकडे पाहत होता. मग हळूच म्हणाला, “मालक, आता सांगून टाका जी. मीही थकलो त्याले धुऊन धुऊन.”

केशोराव खाली वाकले. मी मधल्या खुणेवर ठेवलेला होतो. त्यांनी मला उचलले. वादीला धरून नव्हे, दोन्ही हातांनी. त्यांचे तळहात घामाने ओले झाले होते. तेवढे पाणी मी पहिल्यांदाच कुरकुर न करता सोसले. सोयऱ्यांच्या समोरून, चुन्याची रेघ ओलांडून ते मोहाखाली गेले आणि मला बकारामच्या हातांत दिले. आता त्या दोघांचे हात एकदमच माझ्यावर होते.

“मालगुजार साहब,” ईश्वरदास मैदानातून म्हणाले, “ज़ोर से बोलना पड़ेगा।”

केशोराव वळले. एवढ्या वर्षांत मी त्यांचा इतका मोठा आवाज ऐकला नव्हता.

“अकरावा बकाराम. आमच्या क्लबचा आहे, पहिल्या सामन्यापासून. ठरवलं!”