दहा-नऊवर तडकलेला चेंडू

"ओर्शोया मावशी, बावीस वर्षं खेळून तुम्ही जिंकलात तरी काय?"

पैज माझ्या मैत्रिणींची, हंगा आणि विरागची होती. विचारून दाखव, आठवडाभर तुझे तळलेले गरम लांगोश आमच्याकडून! हंगेरीतल्या आमच्या 'बाया' नावाच्या गावात मावशींना, संघातल्या सगळ्यात जुन्या खेळाडूला, असं विचारणं म्हणजे चर्चमध्ये उभं राहून पाद्रीबाबांना 'देव आहे का हो?' विचारण्यासारखं. दोघी कपडे बदलायच्या खोलीच्या दाराआड तोंड दाबून उभ्या होत्या.

पण खरं सांगू? उत्तर मलाच हवं होतं. बुडापेस्टच्या एका टेबल टेनिस क्लबने मला खेळायला बोलावलं होतं. तिथेच वसतिगृह, तिथेच शाळा, दिवसातून दोनदा सराव. सोमवारपर्यंत कळवायचं होतं आणि बाबांचं एकच पालुपद, "पिंगपाँगवर कुणाचं पोट भरलंय?"

मावशी बॅटवरचं जुनं रबर सोलत होत्या. "एमेशे, हे तुझं डोकं, की दाराआडच्या त्या दोन बदकांचं?"

दार फिस्सकन हसलं.

"जगात एकसष्टावी होते," मावशी म्हणाल्या. "म्हणजे साठ जणी माझ्यापुढे. जर्मनीत नऊ वर्षं खेळले, स्वीडनमध्ये तीन. दुहेरीत एक ब्राँझ. एकेरीत मोठं असं काही नाही. डावा गुडघा तिकडेच ठेवून आले. जा, सांग बदकांना."

ना रडगाणं, ना बढाई.

रविवारी सकाळी लीगचा सामना. घरच्या हॉलमधला मावशींचा हा शेवटचा. गुणफलक उलटायला टेबलाशेजारी मी. पाचवा गेम, दहा-नऊ, मावशींना फक्त एक गुण हवा. समोरची मुलगी माझ्याहून फार तर चार वर्षांनी मोठी, पण हात कसला, तोफच! मावशी टेबलापासून लांब सरकून तिचा एकेक फटका कापून परत करत होत्या. मध्येच चेंडूचा आवाज बदलला. अगदी बारीक, किंचित बसका. तरी खेळ चालूच राहिला आणि शेवटी त्या मुलीचा चेंडू जाळीत अडकला.

हॉल उसळला. माझा हात फलकावर गेला आणि तिथेच थांबला.

मावशींनी चेंडू उचलला, अंगठ्याने दाबून पाहिला आणि पंचांच्या हातात दिला. "तडकलाय. खेळताना मध्येच."

पंचांना काही ऐकू आलं नव्हतं. त्या मुलीलाही नाही. मागून कुणीतरी कळवळून ओरडलं, "अगं बये, घे की गुण!"

नियमाप्रमाणे तो गुण धरला नाही, पुन्हा खेळला गेला. तो मावशींनी गमावला, पुढचे दोनही. बारा-दहा. हरल्या! आणि तरी अख्खा हॉल उभा राहून एका तालात टाळ्या वाजवू लागला. त्या मुलीने टेबलाला वळसा घालून मावशींना मिठी मारली.

घाम पुसत मावशी माझ्याकडे आल्या. "फलक का नाही उलटलास गं?"

"चेंडू तडकला होता ना."

त्या पुसायच्या थांबल्या. "तुला ऐकू आलं?"

"हो. तिसऱ्या फटक्याला."

"चौथ्या."

"तिसऱ्या! तुम्ही उजवीकडून कापलात तेव्हा."

त्यांनी डोळे मिटले. ओठ हलत होते, फटके मोजत होत्या.

"तिसऱ्याच," त्या म्हणाल्या. मग माझा कान पकडून चांगलाच पिळला. "कार्टे, हे ऐकू यायला मला दहा वर्षं लागली!"

घरापर्यंत मी चालले नाही, उडाले.

टेबलावर माशांचं सूप वाफाळत होतं. बाबा शेवयांवर सूप ओतून घेत होते. "हरली म्हणे तुमची ओर्शोया?"

"हरल्या," मी म्हटलं. एवढ्या अभिमानाने मी जिंकल्याचंसुद्धा कधी सांगितलं नव्हतं. आईने चमकून पाहिलं.

मी बसलेच नाही. खुर्चीची पाठ धरून उभी राहिले. "आई, बाबा, सप्टेंबरपासून मी बुडापेस्टला. उद्या क्लबला फोन मीच करणार आहे. सही मात्र तुमची लागेल."