अंगठ्याखालची जागा

अंगठा कागदावर टेकव बरं. लगेच उचलू नकोस. त्याच्याखाली जेवढा कागद झाकला गेला आहे, तेवढ्याच जागेत एक अख्खं माणूस मावलं पाहिजे, अशी कल्पना कर. ते कसं चालायचं, कशावर हसायचं, त्याच्या पिशवीत काय काय असायचं, सगळं. आणि ते माणूस तुझ्याच घरातलं होतं, आणि आता नाही, असंही धर. आता सांग, काय काढशील?

इंगेयर्द सेलीन सकाळपासून तेच काढत होती. स्वयंपाकघरातल्या टेबलावर, कॉफीच्या कपाशेजारी, तिने आधी एक बर्चचं झाड काढलं. मग त्याची पानं खोडली. फांद्या खोडल्या. उरली एक उभी रेघ. रेघ सुंदर होती. तिने कागद चुरगळला आणि दुसरा घेतला.

टेबलाच्या दुसऱ्या टोकाला तिची नात तूवा गुडघे खुर्चीवर घेऊन बसली होती. तीही काहीतरी काढत होती. तूवा आठ वर्षांची. तिचे बाबा फार पूर्वी दक्षिणेकडे निघून गेले होते आणि तिकडेच त्यांचं दुसरं घर झालं होतं. तूवा आणि तिची आई, इंगेयर्दची लेक बार्ब्रू, इथे स्वीडनमधल्या हुडिक्सवालला, आजीच्या घरात वरच्या मजल्यावर राहायच्या. बार्ब्रू हिवाळाभर इस्पितळात होती. सोमवारी ती गेली.

बाहेर पायऱ्यांवर बूट आपटल्याचा आवाज झाला. सिक्स्तेन वालमार्क टोपीवरचा बर्फ झटकत आत आला. गावच्या वर्तमानपत्रात निधनवार्तांचं पान लावणारा सिक्स्तेन आणि इंगेयर्द एका शाळेत शिकले होते. त्यामुळे त्याला बस म्हणावं लागत नसे.

"उद्या दुपारी पान लागतं, इंगेयर्द."

"माहीत आहे."

"होडी टाकू?"

"नको."

"होडी सगळ्यांना चालते. निम्मं गाव तुझ्या होडीत बसून गेलं. मीसुद्धा जागा धरून ठेवली आहे. पुढची, वारा लागेल अशी."

"तुला वल्हवायला बसवतील," इंगेयर्द म्हणाली आणि वेलदोड्याच्या बनची थाळी त्याच्यापुढे सरकवली. "बार्ब्रू होडी नको म्हणाली."

सिक्स्तेनने बनचा तुकडा मोडला, पण तोंडात घातला नाही.

पूर्वी आमच्याकडच्या वर्तमानपत्रात मेलेल्या माणसाच्या नावावर क्रूस छापायचे. सगळ्यांच्याच. जो जन्मभर समुद्रावर मासे धरत होता आणि चर्चमध्ये फक्त स्वतःच्या लग्नाला गेला होता, त्याच्याही. मग एके वर्षी सिक्स्तेनने इंगेयर्दला विचारलं, अशा लोकांसाठी दुसरं काही काढशील का. तिने एक पानभर चिन्हं काढून दिली. शिडाची होडी, बर्च, कोकीळ, फिडल, बर्फावर उभ्या खोचलेल्या स्की. प्रत्येक चिन्ह अंगठ्याएवढं. दोन-चार रेघा, बस. पण म्हातारी माणसं ते पान भिंतीवर लावून ठेवायची आणि आपल्याला कोणतं हवं ते कॉफी पिताना ठरवायची.

हे तिचं शेवटचं मोठं काम. पहिलं काम त्याच्या कितीतरी आधीचं. तरुणपणी ती स्टॉकहोममधल्या एका छापखान्याच्या चित्रशाळेत लागली, तेव्हा तिथे दुसरी बाई नव्हती. तिला कुंचले धुवायला ठेवलं होतं. त्या काळी भाकरीच्या वेष्टनावर गव्हाचं शेत, हसणारी शेतकरीण, सूर्य, सोन्याची पदकं, असं सगळं असायचं. इंगेयर्दने राय धान्याच्या कडक भाकरीचं वेष्टन केलं. त्यावर फक्त एक गोल होता आणि गोलाच्या मधोमध एक भोक. मालकाने विचारलं, यात भाकरी कुठे आहे. पण दुकानात आलेल्या बायांनी विचारलं नाही. त्यांच्या घरी तशीच भाकरी काठीला ओवून टांगलेली असायची. त्यांनी वेष्टन उचललं आणि पिशवीत टाकलं. त्यानंतर इंगेयर्दला कोणी कुंचले धुवायला सांगितले नाहीत. पुढे तिने बोटींवरच्या पाट्या केल्या, इस्पितळांतल्या खुणा केल्या, शाळेच्या पुस्तकांची मुखपृष्ठं केली. दूरदूरची तरुण मुलं तिच्याकडे शिकायला आली.

त्यांना ती एकच गोष्ट शिकवायची. चित्रातल्या एकेका वस्तूवर अंगठा ठेवायचा आणि बघायचं, चित्र कोसळतं का. कोसळलं नाही, तर ती वस्तू नको होती. काढून टाकायची.

बार्ब्रू तूवाएवढी होती तेव्हा तिनेही एक चित्र आणलं होतं. उन्हाळ्यातल्या सणाचं. मधे पानाफुलांनी सजवलेला खांब, भोवती नाचणारी माणसं, फिडलवाले, झाडाखाली टोपी तोंडावर घेऊन झोपलेला मामा, केकवरची स्ट्रॉबेरी पळवणारा कुत्रा. इंगेयर्दने ते मांडीवर घेतलं, लेकीला जवळ ओढलं, आणि मामावर अंगठा ठेवला. "बघ, कोसळलं का? नाही ना?" मग कुत्र्यावर. मग फिडलवाल्यांवर. तिला मनापासून आनंद होत होता, हे मी तुला सांगतो. शिकवताना होतो तसा. शेवटी खांब उरला. "आता कसं छान झालं," ती म्हणाली.

बार्ब्रूने खांबाकडे पाहिलं.

"पण माणसं कुठे गेली?"

नंतर बार्ब्रूने चित्र आणलं नाही. ती भांडली नाही, रुसली नाही. नुसतं आणलं नाही. इंगेयर्दच्या ते लक्षात यायला फार वर्षं गेली, आणि तोवर बार्ब्रू मोठी होऊन ग्रंथालयात कामाला लागली होती, आणि तिच्या खोलीत, पिशवीत, खिशात इतकं सामान असायचं की आजूबाजूचे हसायचे.

इस्पितळात शेवटच्या दिवसांत बार्ब्रूच्या पांघरुणावर वर्तमानपत्र उघडं पडलं होतं. तिने निधनवार्तांच्या पानावर बोट ठेवलं.

"आई, मला तुझ्या होडीत बसवू नकोस हं. फार मोकळं मोकळं असतं तिथं. मला काहीतरी भरगच्च काढ."

"बरं."

"एकदा तरी," बार्ब्रू म्हणाली आणि हसली, आणि हसण्याचा खोकला झाला.

आता टेबलावर चुरगळलेल्या कागदांचा ढीग होता. इंगेयर्दने पुस्तकांचं चित्र काढून पाहिलं होतं; शेवटी एक आडवी रेघ उरली. खिडकी काढून पाहिली, चौकोन उरला. हाताला दुसरं काही येतच नव्हतं. जन्मभर हात काढून टाकायला शिकला होता.

"झालं," तूवा म्हणाली आणि आपला कागद टेबलावरून ढकलला.

सिक्स्तेनने चष्मा लावला. "हे काय काय आहे, बाईसाहेब? जरा ओळख करून द्या."

"ही आई. स्पार्कवर."

स्पार्क म्हणजे आमच्याकडची बर्फावरची गाडी. पुढे लाकडी खुर्ची, खाली दोन लांब पोलादी पट्ट्या. एक जण खुर्चीत बसतो, दुसरा मागे पट्ट्यांवर उभा राहतो आणि एका पायाने जमीन रेटत जातो.

"आई रेटते आहे. मी बसले आहे. ही ग्रंथालयाची पुस्तकं, ही पडतायत. हा थर्मास. हा आमचा कुत्रा कुरे, तो पट्ट्यांच्या मधे येतो नेहमी. आईच्या एकाच हातात हातमोजा आहे, कारण दुसरा मी घातला आहे, माझा हरवला म्हणून. ही समोरच्या घराच्या खिडकीतली हेडविगकाकू. आई तिला दोन्ही हात हलवते आहे."

"मग गाडी कोणत्या हाताने धरली आहे?"

"धरली नाहीये. म्हणून तर पुस्तकं पडतायत."

सिक्स्तेन हसला, आणि मग त्याने चष्मा काढून उगाच पुसला.

इंगेयर्द चित्राकडे बघत होती. "आणि मी?" तिने विचारलं. "मी कुठे आहे?"

"तू घरात आहेस, आजी. टेबलाशी. म्हणून दिसत नाहीस."

इंगेयर्दने चित्र जवळ घेतलं. तिचा उजवा अंगठा आपोआप वर आला आणि कुत्र्याच्या वर हवेत थांबला. तूवा त्या अंगठ्याकडे बघत होती. तिलाही तो नियम पाठ होता. या घरात तो सगळ्यांनाच पाठ होता.

इंगेयर्दने अंगठा मिटून मुठीत घेतला.

"हे छाप," ती सिक्स्तेनला म्हणाली.

"कसं छापू? एवढंसं करायचं आहे. कॅमेऱ्यावर लहान केलं की याचा डाग होईल. नुसता काळा डाग."

"होऊ दे."

"तू यातलं चार रेघांत बसवशील. दुसरं कोण बसवणार? नुसती गाडी ठेव. नाहीतर तो मोजा. मोजा फार चांगला आहे, इंगेयर्द."

"मोजा चांगला आहे," इंगेयर्द म्हणाली. "पण तिने भरगच्च मागितलं आहे."

"लोक म्हणतील, शाई सांडली. तुझ्याच लेकीच्या नावावर. तुझं नाव काय राहील?"

"माझ्या नावाची निधनवार्ता नाहीये ती."

सिक्स्तेनने चित्र दोन पुठ्ठ्यांमधे घालून कोटाच्या आत धरलं. दारात वळून तो तूवाला म्हणाला, "मी तुझ्या आईला जपून नेतो."

"पुस्तकं पाडू नका," तूवा म्हणाली.

शनिवारी वर्तमानपत्र आलं. इंगेयर्दने ते दारातून उचललं, टेबलावर पसरलं आणि पान उघडलं. त्या दिवशी एक होडी होती, दोन बर्च होते, एक क्रूस होता. सगळी चिन्हं स्वच्छ, मोकळी. आणि बार्ब्रू सेलीन या नावावर अंगठ्याएवढा काळा डाग होता. कडेने जरा फाटल्यासारखा. ढग म्हणावा, झुडूप म्हणावं, काहीही म्हणावं.

तूवा टेबलावर ओणवी झाली. तिने नाक जवळजवळ कागदाला लावलं.

"आई कुठे गेली?"

इंगेयर्दला तो प्रश्न ओळखीचा वाटला. तिने खणातून आपलं भिंग काढलं आणि डागावर ठेवलं. तूवाने डोळा लावला. बराच वेळ ती हलली नाही.

"गोंडा दिसतो," शेवटी ती म्हणाली. "टोपीचा. मला वाटतं गोंडाच आहे."

"असेल."

फोन वाजला. सिक्स्तेन होता.

"लोकांचे फोन येतायत. छपाई बिघडली का म्हणून."

"मग तू काय सांगतोस?"

"सांगतो, छपाई बरोबर आहे. बार्ब्रूचं सामानच जास्त होतं."

इंगेयर्दने फोन कानाला तसाच धरून ठेवला. नंतर दोघांनी ठेवला.

सिक्स्तेनने मूळ चित्र आदल्या दिवशीच परत पाठवलं होतं. तूवाने ते आणून वर्तमानपत्राशेजारी ठेवलं. डाग आणि चित्र, चित्र आणि डाग, असं तिने आळीपाळीने पाहिलं. मग आजी करायची तसा अंगठा पुढे केला. आधी थर्मासवर ठेवला. उचलला. कुरेवर ठेवला आणि मान हलवून लगेच उचलला. हेडविगकाकूवर ठेवला.

मग तिने अंगठा आईवर ठेवला.

खुर्चीत बसलेली मुलगी तशीच होती. एका हातात आईचा मोजा, मांडीवर दोन्ही हात. पुस्तकं हवेत. कुत्रा पट्ट्यांच्या मधे. मागे कोणी नव्हतं. तूवाने अंगठा उचलला नाही. इंगेयर्दला तिचं नख दाबून पांढरं झालेलं दिसत होतं. तिला तो हात धरावासा वाटला, पण ती बसून राहिली.

"आजी," तूवा म्हणाली, "रेटायला कोणी नाहीये."

"नाहीये."

तूवाने अंगठा काढला. आई पुन्हा होती तिथे दिसली. तिने चित्र पालथं घातलं नाही की त्याची घडी केली नाही; तसंच टेबलावर ठेवलं आणि बाहेरच्या खोलीत गेली. बूट घालताना एक पाय भिंतीवर आपटला. दार उघडलं, थंडी आत आली, आणि पायऱ्यांवरून काहीतरी ओढत नेल्याचा आवाज आला.

इंगेयर्द खिडकीशी गेली. ओसरीवर हिवाळाभर उभी असलेली स्पार्क तूवाने अंगणात आणली होती. खुर्चीवरचा बर्फ ती बाहीने झाडत होती. कुरे भोवती उड्या मारत होता.

इंगेयर्द कोट अंगावर घेऊन दारात आली.

"बस," तूवा म्हणाली.

"मी रेटते, तू बस. तुझे हात पुरायचे नाहीत."

"नाही. तू बस."

"अगं, मी जड आहे."

"बस ना, आजी."

इंगेयर्द पायऱ्या उतरली आणि खुर्चीत बसली. गुडघे एकत्र, हात मांडीवर. किती वर्षांत ती तिथे बसली नव्हती. तूवा मागे पट्ट्यांवर चढली. खुर्चीच्या पाठीवरची धरायची मूठ तिच्या हनुवटीच्याही वर होती. तिने हात उंच करून ती धरली. एका हातात मोठा मोजा होता, दुसरा हात उघडा. मग तिने एक पाय बर्फावर टेकवला आणि सगळा जोर लावला.

गाडी वीतभर सरकली आणि थांबली.

तूवाने पाय पुन्हा मागे नेला.