रिकामी खोली, टीव्ही चालू

चार बटणं, एका ओळीत.

पन्नास ग्रॅम खोटं बोलणारा किराणा दुकानातला काटा.

टीव्हीच्या टेबलाखाली सरकलेली एक चप्पल.

कॅलेंडरवर पेन्सिलीने लिहिलेले एकोणीस शब्द.

"दार लोटून घे रे."

सहा वाजून एकतीस मिनिटं.

मित्रांनो, ही सारी एकाच घरातली गोष्ट आहे, आणि ती सांगणारं माझ्याशिवाय कुणी नाही. मी एक मोजपेटी आहे. आता जुनी झाले. तुम्ही घरात मालिका बघता, तेव्हा ती किती लोकांनी बघितली हे कुणाला तरी मोजावं लागतं. ते काम माझ्यासारख्या पेट्या करत असत. शहरातल्या काही मोजक्या घरांत आम्हाला ठेवत आणि त्यांच्यावरून साऱ्या शहराचा अंदाज बांधत. शितावरून भाताची परीक्षा म्हणतात ना, तसं.

मला डोळे नाहीत. कान आहेत, ते टीव्हीचा आवाज ऐकून मालिका ओळखतात. आणि पाठीवर चार बटणं आहेत, घरातल्या माणसागणिक एक. बघायला बसलं की आपलं बटण दाबायचं, उठलं की पुन्हा दाबायचं. एवढंच. मी बोटं ओळखायला शिकले, ते मला कुणी शिकवलं नव्हतं.

एक नंबर बाबांचा. ते वजनं-मापं तपासणारे सरकारी निरीक्षक होते. बाजारात त्यांना 'तोळासाहेब' म्हणत, कारण तोळाभर फरकही ते सोडत नसत. त्यांचं बोट बटणाच्या बरोबर मधोमध पडे. दोन नंबर आईचा. ती दातांच्या दवाखान्यात मदतनीस होती. तिच्या बोटांची कातडी सारखे हात धुऊन खरखरीत झालेली. तीन नंबर फिरकीचा. फिरकी सहावीत होती, नाव वेगळंच होतं, पण एका जागी बसणं तिला ठाऊक नसल्याने हेच चिकटलं. ती मला कोपराने दाबायची.

आणि चार नंबर आजोबांचा. आजोबांनी चाळीस वर्षं कुलपं दुरुस्त केली होती. त्यांचा अंगठा रुंद आणि सपाट होता.

ज्या वर्षी मी त्या घरात आले, त्या वर्षी दोन मालिकांनी शहर वेडं केलं होतं. एक 'तिसरी किल्ली', दुसरी 'उतारावरचं घर'. दोन्ही एकाच कंपनीच्या. 'तिसरी किल्ली'त दर भागात कुठलीतरी तिजोरी फुटे. 'उतारावरचं घर'मध्ये काहीच फुटत नसे. त्यात दोन भाऊ होते, ते एकमेकांशी बोलत नसत, आणि एक आत्या होती जी दोघांशी बोले. प्रत्येक भागाच्या शेवटी ती म्हणे, "दार लोटून घे रे." बस्स.

फिरकीच्या वर्गात दोन पक्ष पडले. किल्लीवाले खिडकीच्या बाजूला, उतारवाले भिंतीच्या बाजूला. फिरकी पक्की किल्लीवाली. वर्तमानपत्रात दर शनिवारी दोघींचे आकडे शेजारी शेजारी येत आणि ती ते मोठ्याने वाची.

"आजोबा, आमची किल्ली परत पहिली आली."

"येऊ दे," आजोबा म्हणत. "पण त्या पोरीने केसातल्या पिनेनं पाच खटक्यांचं कुलूप उघडलं. मी चाळीस वर्षं काय झक मारली काय?"

"अहो, लहान मुलीसमोर," आई आजोबांना म्हणे. "अण्णा, चहा ठेवू?"

ते दिवस चांगले होते, मित्रांनो. मी चार माणसं मोजत होते आणि चारही माणसं हजर होती.

एके सकाळी आजोबा जमिनीवर पडले. मी फक्त आवाज ऐकला आणि मग आईची हाक. पंधरा दिवस चार नंबरचं बटण थंड राहिलं. ते घरी आले तेव्हा उजवा हात आणि उजवा पाय त्यांचं ऐकत नव्हते, उजवीकडचं त्यांना नीट दिसतही नव्हतं, आणि बोलणं सगळं गेलं होतं. कळत सगळं होतं. तोंडात शब्द येत नव्हता.

वाचा परत यावी म्हणून एक बाई दर बुधवारी येत. त्यांच्यासमोर आजोबा दोन महिने गप्प होते. मग एका गुरुवारी 'उतारावरचं घर'चा भाग संपत आला, आत्याने तोंड उघडलं आणि तिच्या आधी खुर्चीतून आवाज आला, "दार."

आई स्वयंपाकघरातून धावत आली. तिने तो शब्द कॅलेंडरवर लिहिला आणि लिहिताना मोठ्याने म्हटला. पुढच्या गुरुवारी 'लोटून' आला. मग 'भाऊ', मग 'पाणी', मग 'नको'.

"नवे भाग चुकवू नका," वाचेच्या बाई म्हणाल्या. "जुना भाग ते नुसता ऐकतात. नव्या भागात पुढचं वाक्य काय येईल ते शोधतात. ह्या शोधण्यातूनच शब्द येतोय."

"दुसरी मालिका लावून बघू का?" बाबांनी विचारलं.

"लावून बघा. पण त्यांना ही माणसं ओळखीची झालीत. ओळखीच्या माणसांशीच माणूस बोलतो."

'तिसरी किल्ली' लावली तेव्हा आजोबांनी डोळे मिटून घेतले, असं आई म्हणाली.

आता माझी अडचण ऐका. दर गुरुवारी सहा वाजता आई मालिका लावून देई आणि कणीक मळायला जाई. फिरकी पोहण्याच्या वर्गाला, बाबा कामावर. आजोबा खुर्चीत. खुर्चीपासून मी पाच पावलांवर. चार नंबर दाबायला कुणीच नव्हतं. मी नोंद करी:

गुरुवार, सहा वाजता. उतारावरचं घर. एक: गैरहजर. दोन: गैरहजर. तीन: गैरहजर. चार: गैरहजर.

मोजणी केंद्रात अशा नोंदीला एक नाव होतं. 'रिकामी खोली, टीव्ही चालू.' अशा नोंदी ते फेकून देत. साऱ्या शहरात ती मालिका इतक्या जिवाच्या आकांताने बघणारा दुसरा माणूस नसेल, आणि मी त्याला रिकामी खोली म्हणून कळवत होते. रविवारी मात्र बाकीचे तिघे 'तिसरी किल्ली' बघत, तीन बटणं दाबत. आमच्या घराचा निकाल: तीन विरुद्ध शून्य.

मग बातमी आली. कंपनी पुढचं पर्व दोघींपैकी एकीचंच करणार होती. जिचे महिनाअखेरचे आकडे जास्त, ती राहणार. फिरकीने बातमी वाचायला सुरुवात केली ती उड्या मारत, आणि मध्येच थांबली.

"म्हणजे आजोबांची बंद?"

ती बाबांकडे धावली.

"बाबा, आजोबांचं बटण मी दाबते ना. ते बघतातच की. त्यात काय खोटं आहे?"

"पेटीसोबतच्या पुस्तिकेत पहिल्या पानावर काय लिहिलंय? आपलं बटण आपल्याच हाताने दाबावं."

"त्यांचा हात चालत नाही."

"मग तसं केंद्राला कळवलंय मी. पत्र टाकलंय. उत्तर येईपर्यंत नियम तो नियम."

"अहो, पत्राचं उत्तर येईतो महिना सरेल," आई म्हणाली. "एका बटणाने कुणाचं घर बुडतंय?"

"काल त्या किराणावाल्याचा काटा पन्नास ग्रॅम मारत होता. तोही हेच म्हणाला. पन्नास ग्रॅमने कुणाचं घर बुडतंय, साहेब? मी त्याचं दुकान बंद केलं. आणि घरी येऊन मीच काटा मारू?"

आई म्हणाली, "तुमच्या काट्यावर तुमचे वडील किती भरतात हो?"

मग बाबा हळू आवाजात म्हणाले, "तुम्ही बसा ना त्यांच्याजवळ. खरोखर बघा आणि आपापलं बटण दाबा. ते तर खरं असेल. मीही येईन."

आणि तसं झालं. महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात, पर्व संपत आल्याने, 'उतारावरचं घर'चे नवे भाग रोज सहाला लागत होते, आणि त्या घराने प्रत्येक भाग पहिल्यापासून बघितला. आई कणीक आधीच मळून ठेवी. फिरकीने पोहणं बुडवलं आणि शाळेच्या वर्गात ती खिडकीकडून भिंतीकडे जाऊन बसली. मैत्रिणी तिला फितूर म्हणाल्या. बटण दाबताना ती म्हणे, "आजोबा, हे तुमच्यासाठी हं." रोज बटणं दबली जात आणि आजोबा ऐकत. शब्द एकोणीस झाले.

शेवटचा गुरुवार आला. पर्वाचा शेवटचा भाग. बाबा साडेसहापर्यंत येणार होते. आई आणि फिरकी सहाला बसल्या. दोन: हजर. तीन: हजर. सव्वासहाला खालच्या मजल्यावरची शेजारीण दारात आली. तिच्या घरातला नळ तुटला होता, पाणी जिन्यापर्यंत आलं होतं. आई उठली, मागोमाग बादली घेऊन फिरकी. आणि बघा, कशी माणसं होती ती: धावतानासुद्धा दोघींनी आपापलं बटण दाबून स्वतःला गैरहजर केलं.

रिकामी खोली, टीव्ही चालू.

मी खुर्चीचा आवाज ऐकला. मग एक पाऊल, आणि एक घासत येणारं पाऊल. मग थांबणं. श्वास. पुन्हा एक पाऊल. मला ओरडता आलं असतं तर मी ओरडले असते. बसा आजोबा, पडाल. पण माझ्याकडे चार बटणं आहेत, आवाज नाही. तो पाच पावलांचा रस्ता त्यांनी आठ मिनिटांत काटला. टेबलाला हात लागला तेव्हा माझ्या अंगाला कंप सुटला.

डावा अंगठा माझ्या पाठीवर फिरू लागला. रुंद, सपाट. उजवीकडचं त्यांना दिसत नव्हतं, हे मी सांगितलंच. चार नंबर सगळ्यात उजवीकडे होता. अंगठा डावीकडच्या पहिल्या बटणावर थांबला आणि त्याने पूर्ण जोर लावून दाबलं.

सहा वाजून एकतीस मिनिटं. एक: हजर.

आणि आजोबा स्पष्ट म्हणाले, "मी."

तो विसावा शब्द होता. तो माझ्याशिवाय कुणी ऐकला नाही, आणि शब्द मोजायची सोय माझ्यात नव्हती.

आई परतली तेव्हा ते खुर्चीत होते, धापा टाकत. तिला वाटलं, शेवटचा भाग बघून मन भरून आलं असेल. बाबांची बस अडकली होती, ते साडेसातला पोचले.

शुक्रवारी सकाळी केंद्रातून फोन आला. शेवटच्या आठवड्यात ते काही घरांची पडताळणी करत. बाबांनी फोन मोठ्या आवाजावर ठेवला होता.

"काल सहा एकतीसला एक नंबर हजर दिसतोय. आपणच होतात ना?"

"नाही. मी त्या वेळी बसमध्ये होतो."

"मग बटण कुणी दाबलं?"

"ठाऊक नाही."

"साहेब, मग तुमच्या घराचा अख्खा आठवडा बाद करावा लागेल. बघा, नीट आठवून सांगा."

पलीकडचा माणूस भला होता. तो वाट करून देत होता. बाबांनी ती वाट घेतली नाही. "करा बाद," ते म्हणाले.

मग त्यांनी फिरकीला समोर उभं केलं.

"मी नाही दाबलं."

"फिरकी."

"नाही म्हटलं ना. मला दाबायचंच असतं तर चार नंबर दाबला नसता का? तुमचा कशाला दाबू?" आणि ती रडू लागली.

खुर्चीतून आवाज आला, "दार." पुन्हा, मोठ्याने, "दार. भाऊ. दार."

"दार बंदच आहे, अण्णा," बाबा म्हणाले.

"नको. पाणी. दार." आजोबा खुर्चीच्या हातावर डावा हात आपटत होते. त्यांना एकच शब्द हवा होता, आणि तो काल संध्याकाळी माझ्यापाशी राहिला होता. आई पाणी घेऊन आली. त्यांनी पेला ढकलला.

मित्रांनो, मला सगळं माहीत होतं. आणि मी टेबलावर पडून होते.

शनिवारी आईने केर काढताना टेबलाखालून आजोबांची चप्पल काढली. "ही इथे कशी?" ती म्हणाली, आणि तिने बाबांना हाक मारली. बाबा आले. त्यांनी खुर्चीपासून माझ्यापर्यंतचं अंतर पावलांनी मोजलं. मग केंद्राला फोन लावला. पलीकडून उत्तर आलं, "आकडे काल दुपारीच छापायला गेले, साहेब."

वर्तमानपत्र सकाळीच आलं होतं, फिरकीने ते वाचून दाखवलं. 'तिसरी किल्ली' पहिली, 'उतारावरचं घर' दुसरी. आमचा आठवडा धरला असता तर निकाल फिरला असता का, हे मला सांगता येत नाही. मी एकच घर मोजत होते.

त्या दिवसापासून बाबा रोज सहाला घरी येऊ लागले. आजोबांना धरून ते माझ्यापर्यंत आणत, त्यांचा अंगठा हातात घेत, चार नंबरवर ठेवत आणि वाट बघत. दाबायचं काम आजोबाच करत. मग दोघं जुने भाग बघत. कॅलेंडरवर शब्द एकोणीसच राहिले. केंद्राला जुन्या भागांचे आकडे नको होते, पण मी पाठवत राहिले.

दोन वर्षांनी नव्या पेट्या आल्या. त्यांना बटणं नाहीत म्हणे. मला काढून गोदामाच्या फडताळात ठेवलं. इथे माझ्यासारख्या पुष्कळ आहेत, प्रत्येकीच्या पोटात एक घर आहे, आणि विचारणारं कुणी नाही.

मित्रांनो, कुठली मालिका पहिली आली, हे विचारायला हरकत नाही. मीही त्यावरच जगले. पण तुमच्या घरात एखादं माणूस खुर्चीत गप्प बसलेलं असेल, तर त्याच्याजवळ जाऊन बसा. त्याला काय हवंय ते विचारा, आणि उत्तर यायला वेळ लागला तर उठू नका. माझ्यासारख्या पेटीवर सोडू नका. मला कळलं तरी सांगता येत नाही.

'उतारावरचं घर'चा पहिला भाग लागला तेव्हा आजोबा धडधाकट होते. चार नंबर दाबून ते पाचव्या मिनिटाला खुर्चीत झोपी गेले, आणि मी त्यांना पूर्ण पंचेचाळीस मिनिटं हजर मोजलं.