इन्शाच्या हाताचं माप

"कापड बाजारातल्या मनियाराला सांगावा धाडा," शरिफा म्हणाली. "इन्शाच्या बांगड्या तो भरंल. माझ्याच्यानं आता न्हाई व्हायचं."

मार्थाबाईंनी हातातली कपबशी खाली ठेवली. शरिफाची सून सुमैरा, इन्शाची आई, दारात उभी होती. तिलाही तेच सोयीचं वाटत असावं, पण सासूच्या तोंडावर म्हणायचं कसं?

"लग्न कधी आहे?" मार्थाबाईंनी विचारलं. तारीख त्यांना पाठ होती, तरी विचारलं.

"सात आठवडे राहिले, मावशी," सुमैरा म्हणाली.

"मग मनियाराला सहा आठवड्यांनी सांगा. आत्ता घाई काय आहे?"

श्रावणात शरिफाला अर्धांगाचा झटका आला होता. पाय सुधारला, बोलणं सुधारलं, उजवा हात मात्र मांडीवर पडून राहायला लागला. आणि तोच हात तिचं सगळं होता. भिंगारच्या बाजारात पन्नास वर्षं तिने त्या हाताने बांगड्या भरल्या. लष्करातल्या सुभेदारांच्या बायका, चर्चमागच्या चाळीतल्या मुली, खेड्यांतून बाजाराला आलेल्या म्हाताऱ्या, कोणाचा हात तिने धरला नव्हता? घरातल्या आणि गल्लीतल्या प्रत्येक नवरीला तिनेच बांगड्या भरायच्या, ही पद्धत तिच्या सासूपासून चालत आलेली. शिवाय तिचा एक हट्ट होता. गिऱ्हाईक अडीचचं माप मागायचं, शरिफा सव्वादोनची चढवून दाखवायची. हात सैल सोडायला लावायची, अंगठ्याखालचा उंचवटा आत दाबायची, आणि बोलता बोलता बांगडी मनगटावर. ढिली बांगडी दिसली की म्हणायची, "ही बैलाच्या गळ्यात घाला, शोभंल."

मार्थाबाई आणि ती चौथीपर्यंत एका बाकावर बसल्या होत्या. पुढे शरिफाची शाळा सुटली, मार्थाबाई शिकल्या आणि नगरच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर झाल्या. पण दर नाताळाच्या आधी शरिफा पेटी घेऊन यायची आणि मार्थाबाईंच्या हातात नवीन बांगड्या भरायची. पन्नास वर्षांत एक नाताळ चुकला नव्हता. यंदाचा चुकणार होता.

"डॉक्टरांनी दिलेला चेंडू दाबतेस का?" मार्थाबाईंनी विचारलं.

"फेकला."

"कुठे?"

"कोंबडीच्या खुराड्यात. मी काय लहान पोर हाय का, चेंडू खेळायला?"

मार्थाबाई हसल्या नाहीत. घरी जाताना वाटभर त्यांच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. शरिफाला चेंडू नको, औषध नको, कोणाची कीव तर नकोच. तिला बांगडी पाहिजे. पण खरी बांगडी हातात दिली तर ती तीनदा फुटेल, आणि चौथ्यांदा शरिफा ती धरणार नाही.

मार्थाबाईंच्या कपाटात एक जुना फोन होता. त्यांच्या मुलाने, जस्टिनने, दहा वर्षांपूर्वी पुण्याहून आणून दिलेला. देताना म्हणाला होता, "आई, हा जेलब्रेक केलेला आहे. म्हणजे कंपनीने घातलेलं कुलूप मी काढलंय. आतलं सगळं उघडून बघता येतं. फक्त कधी अपडेट करू नकोस, नाहीतर कुलूप परत बसेल." ज्या बाईने अडतीस वर्षं एक्स्चेंजमध्ये काढली, सुरुवातीला दोऱ्या भोकांत खुपसून गावोगावचे कॉल जोडले, तिला आतलं उघडून बघता येतं एवढं सांगणं पुरेसं होतं. फोन जुना झाला, नवीन आला, पण तो जुना त्यांनी टाकला नाही. त्यातल्या पत्त्यांच्या खेळातल्या राण्यांना त्यांनी आपल्या तिन्ही बहिणींचे चेहरे लावले होते. साप-शिडीतला सगळ्यात लांब साप काढून टाकला होता. एकटीच्या दुपारी असल्या उद्योगात बऱ्या जायच्या.

त्या फोनवर लहान मुलांचा एक खेळ होता. वरून रंगीत कड्या खाली येतात, चिमटीने, म्हणजे अंगठा आणि पहिलं बोट दोन्ही टेकवून, कडी धरायची आणि खालच्या खुंटीवर नेऊन सोडायची. बोट उचललं की कडी पडते. वेळ संपला की खेळ संपतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मार्थाबाईंनी चष्मा पुसला, फोन चार्जिंगला लावला आणि त्या खेळाचा आतला फोल्डर उघडला. त्यात चित्रं होती, आवाज होते, आणि एक फाईल होती, तिच्यात इंग्रजीत नावं आणि पुढे आकडे. वेग आठ. वेळ वीस. आणि एक आकडा बारा, तो कशाचा ते कळायला त्यांना दुपार झाली. कडी खुंटीपासून किती लांब सोडली तरी खेळ ती आपोआप बसवून घेतो, त्याचं ते अंतर होतं.

एक्स्चेंजची सवय अशी की तार काढायच्या आधी तिची जुनी जागा लिहून ठेवायची. मार्थाबाईंनी फाईलची नक्कल काढली, वहीत आकडे उतरवले, मग वेग आठचा दोन केला, वीसचे दोनशे केले, बाराचे चाळीस केले. खेळ उघडला. पडदा एकदा चमकला आणि बंद झाला. पुन्हा उघडला, पुन्हा बंद.

जस्टिनला फोन लावला.

"आई, तू ऑफिसच्या वेळेत मला गेमबद्दल विचारतेयस?"

"तुझ्या ऑफिसला सांग, आईची तब्येत विचारतोय. बोल, का बंद पडतोय?"

त्याने फाईलचा फोटो मागवला आणि दोन मिनिटांनी त्याचं हसणंच आधी ऐकू आलं. "अगं, आकडे मराठीत टाकलेस! तुझा कळफलक मराठीवर आहे. त्या बिचाऱ्याला आपले दोनशे कळत नाहीत."

"न कळायला काय झालं," मार्थाबाई पुटपुटल्या, पण आकडे इंग्रजीत टाकले. खेळ उघडला. कड्या आता ढगासारख्या सावकाश खाली येत होत्या.

"लोक गेम मोडतात ते फुकटची नाणी घ्यायला," जस्टिन म्हणाला. "तू काय करतेयस?"

"बांगड्या भरतेय," मार्थाबाई म्हणाल्या आणि फोन ठेवला.

मग चित्रं. सुमैराकडून त्यांनी शरिफाच्या पेटीतल्या दोऱ्यात ओवलेल्या बांगड्या मागून आणल्या, उशीच्या पांढऱ्या अभ्र्यावर एकेक ठेवून फोटो काढले. पहिल्यांदा बांगडीबरोबर अभ्र्याचा चौकोनही खेळात आला आणि हिरव्या बांगड्या पांढऱ्या पाटावर बसून खाली उतरू लागल्या. पाठचं पुसून टाकायला दोन दिवस गेले. मधला भाग पुसायचा राहिला होता, तोही पुसला. चित्राचं माप जुन्या कडीच्या मापाशी ठिपक्याला ठिपका जुळावं लागतं, हे तीन वेळा चुकून कळलं.

खुंटीच्या जागी हात पाहिजे होता. इन्शा नगरच्या एका लॅबमध्ये रक्ताचे नमुने तपासायची. संध्याकाळी ती बसमधून उतरली तेव्हा मार्थाबाई स्टँडवर उभ्या होत्या.

"नानी, इथे काय करताय?"

"हात दे तुझा. बोटं जुळवून वर कर. हं, हलू नकोस."

"रस्त्यात? लोक बघतायत."

"बघू देत. लग्न तुझंच आहे."

नाताळ आला आणि गेला. मार्थाबाई जुन्याच बांगड्या घालून चर्चमध्ये गेल्या. दुसऱ्या दिवशी केकचा डबा आणि जुना फोन घेऊन त्या शरिफाकडे गेल्या. फोन त्यांनी तिच्या पुढच्या पाटावर ठेवला.

"हे काय?"

"बघ."

शरिफाने बघितलं. वरून हिरवी बांगडी आली. खाली एक हात उभा होता.

"हा इन्शाचा हात," ती लगेच म्हणाली. "हाडं रुंद हायेत बघ तिची. आजोबांवर गेली." नवऱ्याचं, चांदभाईंचं, नाव तिने अजून तोंडाने घेतलं नव्हतं कधी, त्यांना जाऊन नऊ वर्षं झाली तरी. "आता काय करायचं?"

"भरायची."

शरिफाने डावा हात पुढे केला. मार्थाबाईंनी तो बाजूला सारला. "डाव्या हाताने कधी भरल्या होत्यास?"

उजवा हात मांडीवरून उचलून पाटावर ठेवायलाच वेळ लागला. अंगठा टेकला, बोट टेकेना. टेकलं तेव्हा अंगठा सुटला. बांगड्या एकामागून एक खाली पडून नाहीशा झाल्या. सुमैरा आतून डोकावून गेली. शरिफाने दात आवळले होते. सव्वीस बांगड्या गेल्या आणि सत्ताविसावी चिमटीत आली, सरकली, हाताशी पोचली आणि बसली.

"बसली!" मार्थाबाई म्हणाल्या.

शरिफाने अजून एक बसवली. मग तिसरी. मग तिने मान वाकडी करून पडद्याकडे बघितलं आणि चौथी मुद्दाम हातापासून दोन बोटं लांब सोडली. बांगडी आपण होऊन सरकली आणि मनगटावर जाऊन बसली.

"मार्था," शरिफा म्हणाली. "ही बांगडी आपसूक चढती."

"जरा सोपं केलंय सुरुवातीला."

"मला फसवती?" तिचा आवाज चढला. "पन्नास वर्षं मी कोणाला ढिली बांगडी दिली न्हाई, आणि तू मला ढिली देती? हा हात हाय का घमेलं? कुठूनबी टाका, आत!"

"शरिफा, अगं तुझा हात अजून..."

"माझा हात मी बघंन. तू तुझा बघ. ने हे आणि नीट करून आण."

मार्थाबाई रागानेच उठल्या. चार आठवडे राबून हे बक्षीस! पण वेशीपर्यंत पोचेतो राग उतरला आणि त्यांना हसू आलं. इतक्या महिन्यांत शरिफा पहिल्यांदा भांडली होती. आणि म्हणाली होती, माझा हात मी बघंन.

घरी त्यांनी फाईल उघडली आणि चाळीसचे तीस केले.

तेव्हापासून ते रोजचंच झालं. दुपारी शरिफा दीड-दोन तास खेळायची, निघताना मार्थाबाईंना हुकूम सोडायची. "तीस लई झाले. पंचवीस कर." "इन्शाचा पंजा मोठा कर, बांगडी तेवढीच ठेव." "ह्या बांगडीचा आवाज काचेचा न्हाई, डबा वाजवल्यासारखा हाय." मार्थाबाईंनी खऱ्या बांगड्या एकमेकींवर वाजवून आवाज भरला आणि त्या जागी घातला. फाईल उघडायची, आकडा बदलायचा, खेळ बंद करून परत सुरू करायचा, हे त्या आता शरिफाच्या समोर बसूनच करायच्या. वीसवर शरिफा आठवडाभर अडली. रडली एकदा, पण मार्थाबाईंनी तिकडे बघितलंच नाही, मटार सोलत राहिल्या. आकडा परत वाढवू का, असं त्यांनी विचारलं नाही आणि शरिफाने सांगितलं नाही. बारा आला, म्हणजे खेळ बनवणाऱ्याने ठेवला होता तिथपर्यंत. शरिफाने विचारलं, "ह्याच्या खाली जातं का?" गेलं. सहापर्यंत गेलं. सहाला बांगडी हातावर अगदी नेमकी सोडावी लागायची, केसभर चुकली की गेली.

लग्नाच्या तीन दिवस आधी बांगड्यांचा कार्यक्रम होता. अंगणात सतरंजी अंथरली होती, इन्शा हळदीच्या रंगाचा ड्रेस घालून बसली होती, बायका जमल्या होत्या. आणि दाराशी कापड बाजारातला मनियार पेटी घेऊन बसला होता. सुमैराने मार्थाबाईंच्या कानात सांगितलं, "राहू दे म्हटलं, मावशी. ऐनवेळी अडचण नको." मार्थाबाईंनाही रात्रभर तीच धास्ती होती. पडदा गुळगुळीत असतो, त्याला हाडं नसतात. खऱ्या हाताला गाठ असते, घाम असतो, तो दुखतो.

शरिफाला धरून आणलं आणि इन्शापुढे बसवलं. तिने मनियाराकडे बघितलं. "चहा घ्या तुमी," ती त्याला म्हणाली.

पेटीतून तिने सव्वादोनची बांगडी काढली.

"दादी, अडीचची घ्या ना," इन्शा म्हणाली. "माझा हात मोठाय."

"तुझा हात मला ठाव हाय. ढिला सोड."

डाव्या हाताने तिने इन्शाचा पंजा धरला, उजव्याने बांगडी. बोटं ओलांडून बांगडी अंगठ्याच्या गाठीपाशी आली आणि थांबली. शरिफाचा अंगठा थरथरू लागला. सुमैरा साबणाचं पाणी घेऊन पुढे झाली, शरिफाने नुसती नको म्हणून मान हलवली. अंगठा निसटला. बांगडी मागे आली. कोणी तरी "या अल्ला" म्हणालं.

तिने परत चिमूट जमवली. आधी अंगठा, मग बोट, मग दाब. मार्थाबाईंना वाटलं, आता आपण उठून तिचा हात धरावा. त्या उठल्या नाहीत. शरिफाने इन्शाच्या अंगठ्याखालचा उंचवटा आत दाबला, बांगडी किंचित तिरकी केली, इन्शा "आई गं" म्हणाली, आणि बांगडी गाठ ओलांडून मनगटावर गेली.

दुसरी लवकर गेली. पाचवी फुटली, सुमैराने काचा वेचल्या. नववीला शरिफाने हात मांडीवर ठेवला आणि पाणी मागितलं. बायका थांबल्या, गप्पा मारू लागल्या, मनियाराचा दुसरा चहा झाला. बारावी चढली तेव्हा तास उलटून गेला होता. इन्शाने हात वर करून हलवला. आवाज आला, पण खुळखुळ नाही. बांगड्या मनगटाला अंगचं माप घेऊन बसल्या होत्या.

"अम्मी, बस झालं आता," सुमैरा म्हणाली. शरिफाच्या कपाळावरचा घाम तिने ओढणीने टिपला. "दुसरा हात चाचा भरतील. ते केव्हाचे बसलेत."

मनियार पेटी उघडायला लागला.

शरिफाने उजवा हात दोनदा उघडला, मिटला. मग इन्शाकडे बघून म्हणाली, "दुसरा हात पुढं कर."